मुक्त विद्यापीठाची पदवी: ग्राह्य, अग्राह्य की 'मार्गदर्शन व्हावे'?

सागरमाळ

नमस्कार मंडळी. धागा थोडा रडगाण्याचा आहे, सांभाळून घ्या.

मी कोल्हापुरात एका सरकारी कार्यालयात कनिष्ठ लिपिक. वडील नोकरीत असतानाच गेले, बारावीवर अनुकंपा तत्त्वावर लागले. मग लग्न, दोन मुलं, सासूबाईंचं आजारपण. हे सगळं सांभाळत २०१३ ते २०१६ मध्ये नाशिकच्या यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठातून बी.ए. केलं. आता पदोन्नतीची यादी लागायची आहे आणि वरच्या पदाला पदवी लागते. माझ्या फायलीवर टिपणी पडलीय: "कर्मचाऱ्याची पदवी दूरशिक्षण पद्धतीची असल्याने ग्राह्य धरावी अगर कसे, याबाबत मार्गदर्शन व्हावे." गेले सात आठवडे फाइल मार्गदर्शन शोधत हिंडतेय.

दुसरी गोष्ट. धाकट्या दिरांनी २०२० ला नाव घालून परराज्यातल्या एका खाजगी विद्यापीठाची बी.बी.ए. घेतली. केली नाही म्हणत, घेतली म्हणते. राजारामपुरीत झेरॉक्सच्या दुकानावर दोन खोल्यांची ॲकॅडमी होती, तिथं पैसे भरायचे. वर्ग नाहीत, पुस्तकं नाहीत. आता मला ऐकवतात, "वहिनी, माझी यूजीसी अप्रूव्ह्ड आहे. तुमची नुसती ओपन."

तर कायद्यानं कुणाची पदवी खरी? जेवणाच्या ताटावर रोज हाच विषय आहे.

मिसळ_जास्त_कट

पहिला!

ताई, आमची पदवी एकदम रेग्युलर. फक्त आम्ही कॉलेजपासून दूर असायचो. तीन वर्षं रंकाळ्याच्या कठड्यावर दूरशिक्षण झालं. त्याबद्दल अजून कुणी मार्गदर्शन मागवलेलं नाही.

गारगोटी_एसटी

मी पण मुक्तचाच. वाहक आहे. खात्यातल्या परीक्षेला हीच पदवी लावली, कुणी हूं की चूं केलं नाही. टेबलावरचा माणूस खुळा भेटलाय तुम्हाला.

जुना_टेबलवाला

सागरमाळताई, मी ३१ वर्षं आस्थापना शाखेत काढली, आता निवृत्त. तो माणूस खुळा नाही, शहाणा आहे. "मार्गदर्शन व्हावे" याचा अर्थ "सही माझ्या गळ्यात नको". मी स्वतः असं शंभर वेळा लिहिलंय, खोटं कशाला बोलू. उद्या कुणी तक्रार केली तर आपण वर विचारलं होतं एवढं दाखवता येतं.

आता करायचं काय ते ऐका. आधी तुमच्या वरच्या पदाचे सेवाप्रवेश नियम मागून घ्या. त्यात "मान्यताप्राप्त विद्यापीठाची पदवी" एवढंच असेल तर विषय तिथंच मिटतो. "नियमित" किंवा "पूर्णवेळ" असा शब्द असेल तर भांडण वेगळं. मग एक साधा अर्ज द्या: माझी पदवी कोणत्या नियमाच्या कोणत्या तरतुदीनुसार ग्राह्य नाही, ते लेखी कळवावे. आवक क्रमांक टाकून पोच घ्या. तरतूद नसेल तर कुणी लिहून देत नाही, आणि लिहून देता येत नाही म्हटल्यावर फाइल हलते.

आणि एक. शिकायला बसण्याआधी कार्यालयाची परवानगी घेतली होती का? सेवापुस्तकात पदवीची नोंद आहे का? कधीकधी लोकं "दूरशिक्षण, दूरशिक्षण" म्हणून ओरडत बसतात आणि खरी अडचण तिथं असते.

सागरमाळ

परवानगी घेतली होती काका, पत्र आहे. सेवापुस्तकात नोंद... उद्या बघते. पोटात गोळा आला.

काळाकोट

व्यवसायानं वकील, पण हा सल्ला फुकट. फुकट आहे म्हणून लांबलचकही आहे.

"मान्यता" हा एकच शब्द लोक तीन वेगळ्या गोष्टींना वापरतात, तिथं घोळ होतो.

आधी बघायचं, पदवी देण्याचा अधिकार कुणाला आहे. यूजीसी म्हणजे विद्यापीठ अनुदान आयोग, त्याचा १९५६ चा कायदा, कलम २२. केंद्राच्या किंवा राज्याच्या कायद्यानं स्थापन झालेलं विद्यापीठ, कलम ३ खालचं अभिमत विद्यापीठ, नाहीतर संसदेनं खास अधिकार दिलेली संस्था. बाकी कुणी दिली तर ती लग्नपत्रिका. ताईंचं मुक्त विद्यापीठ महाराष्ट्र विधिमंडळाच्या १९८९ च्या कायद्यानं झालंय. म्हणजे आपल्या शिवाजी विद्यापीठाला जो अधिकार, तोच त्याला.

मग बघायचं, त्या विद्यापीठाला तो शिक्षणक्रम, त्या वर्षी, दूरस्थ पद्धतीनं चालवायची परवानगी होती का. १९९१ पासून हे काम इग्नूच्या, म्हणजे इंदिरा गांधी राष्ट्रीय मुक्त विद्यापीठाच्या छत्राखालची दूरशिक्षण परिषद बघायची. २०१३ मध्ये ती बरखास्त झाली आणि कारभार यूजीसीच्या दूरशिक्षण विभागाकडं आला, ज्याला सगळे डीईबी म्हणतात. ही परवानगी सत्राप्रमाणे असते, सातबाऱ्यासारखी कायमची नावावर नसते. आणि बघायचं ते प्रवेशाचं वर्ष.

तिसरं, हद्द. राज्याचं विद्यापीठ आपल्या राज्याबाहेर दुकान थाटू शकत नाही. दिरांचं प्रकरण मला इथंच अडकेल असं वाटतंय.

समकक्षतेचं म्हणाल तर यूजीसीनं ५ मे २००४ आणि १४ ऑक्टोबर २०१३ ला विद्यापीठांना पत्रं लिहून सांगितलंय की मुक्त विद्यापीठांच्या पदव्या नेहमीच्या पदव्यांच्या बरोबरीनं धराव्यात. पुढं २०२० च्या नियमावलीत नियम २२ आला, आणि सप्टेंबर २०२२ ला पुन्हा जाहीर सूचना काढली. अठरा वर्षांत चार-चारदा सांगावं लागलं, यातच काय ते समजा. ताई, तुमचा प्रवेश २०१३ चा, तेव्हा २०१३ चं पत्र अर्जाला जोडा. सोबत २०२२ ची सूचना. आणि सोबत दोन पेढे.

मिसळ_जास्त_कट

पेढे कुणाला, साहेबांना की फायलीला?

खडू_फळा

सगळे एका सुरात बोलताहेत म्हणून जरा वेगळा सूर लावतो. मी महाविद्यालयात शिकवतो आणि दूरशिक्षणाच्या उत्तरपत्रिका तपासल्या आहेत. एकाच गाइडमधलं एकच उत्तर, त्यातल्या छपाईच्या चुकीसकट, ओळीनं अकरा जणांनी लिहिलेलं पाहिलंय. यूजीसी सूचना काढून पदव्या समान करू शकते, शिक्षण समान करू शकत नाही. त्या टेबलावरच्या लिपिकाला जी शंका येते ती हवेतून येत नाही.

शिरोली_भट्टी

खडूसर, मी फौंड्रीत आहे. बी.कॉम. मुक्तमधून केलं. फर्स्ट शिफ्ट सुटली की तिथंच कँटीनमध्ये तासभर वाचायचो, कारण घरी गेलं की झोप यायची. ती पुस्तकं अजून आहेत. प्रत्येक पानाच्या खालच्या कोपऱ्यात माझा काळा अंगठा उमटलाय. मोल्डिंगची वाळू, साबणानं पण जात नाही. जिथं कोपरा काळा नाही तो धडा मी वाचला नाही, असं सरळ ओळखता येतं. खर्च लेखांकनाचं पुस्तक शेवटपर्यंत काळं आहे आणि 'व्यावसायिक पर्यावरण'ची दहा पानं सोडली तर कोरं.

रविवारच्या संपर्क सत्राला साठातले नऊ जण यायचो. शिकवायला सर यायचे ते मात्र नऊ असोत की चार, पूर्ण तास घ्यायचे.

तुमचे अकरा जण खरे असतील. पण गाइड रेग्युलरवाले वाचत नाहीत का?

खडू_फळा

वाचतात. त्यांच्या तर छपाईच्या चुकासुद्धा चुकीच्या उतरवलेल्या असतात. :)

तुमचं पुस्तक बघायला आवडेल, गंभीरपणे म्हणतोय. माझी तक्रार शिकणाऱ्यांवर नाही. केंद्र घेऊन बसलेले आणि सत्रं फक्त कागदावर घेणारे आहेत, त्यांच्यावर आहे. पण तपासणीला त्रास होतो तो तुम्हाला.

पंचगंगा_घाट

अवांतर: आमच्या वेळी याला 'एक्स्टर्नल' म्हणायचे, कागदावर बहिस्थ. वडिलांनी तसंच एम.ए. केलं. घरातले म्हणायचे, "बाहेरून करतोय", आणि आजीला वाटायचं बाहेर व्हरांड्यात बसून करतोय. आत बोलवा की त्याला म्हणायची.

ज्या गावात शाहू महाराजांनी १९०१ पासून पोरांच्या शिक्षणासाठी बोर्डिंगं उभी केली, तिथं कोण कुठं बसून शिकला याची चौकशी व्हावी हे गंमतशीर आहे.

हुपरीची_चांदी

वकीलसाहेब, माझं एक सांगते. मी दहावी नापास. घरी चांदीचं काम, पैंजणाचे घुंगरू जोडायचं. पुढं मुक्तचा पूर्वतयारी शिक्षणक्रम केला आणि त्यावर बी.ए. झाले, फर्स्ट क्लास. मग एल.एल.बी. करायचं मनात आलं. प्रवेश परीक्षेत गुण चांगले पडले आणि कागदपत्रं तपासताना सांगितलं, बारावी नाही, होणार नाही. बी.ए. आहे की म्हटलं, तर म्हणे ते चालत नाही. मग माझी पदवी खरी की खोटी? सहा महिने मी कुणाशी बोलले नव्हते.

काळाकोट

खरी आहे. शंभर टक्के खरी. पण वकिलीच्या शिक्षणाचे नियम बार कौन्सिल ऑफ इंडिया करतं. त्यांच्या २००८ च्या कायदेशिक्षण नियमांत नियम ५ खाली स्पष्टीकरण आहे: त्याआधीची मूळ पात्रता नसताना थेट मुक्त विद्यापीठ पद्धतीनं बारावी किंवा पदवी मिळवलेल्यांना कायद्याच्या अभ्यासक्रमाला प्रवेश नाही. तिथंच असंही आहे की दूरस्थ किंवा पत्राद्वारे शिकले म्हणून कुणाला अडवायचं नाही. म्हणजे सागरमाळताईंनी उद्या एल.एल.बी. करायचं म्हटलं तर चालेल, कारण खाली बारावी आहे. तुमच्या इमारतीला तळमजला नाही असं त्यांचं म्हणणं.

सर्वोच्च न्यायालयानंही २००९ मध्ये अण्णामलाई विद्यापीठाच्या खटल्यात जवळपास हीच रेघ ओढली. मूळ पदवी नसताना थेट मुक्त पद्धतीनं मिळवलेली एम.ए. तिथं टिकली नाही.

मान्यता विद्यापीठाला असते. पात्रता कोणत्या दारातून आत जायचंय त्यावर ठरते. एक पदवी पाच दारांना लागते आणि सहाव्याला लागत नाही, त्यात पदवीचा दोष नाही. मला व्यक्तिशः हा नियम जाचक वाटतो. पण आहे.

मिसळ_जास्त_कट

आता हायकोर्टाचं सर्किट बेंच इथंच कोल्हापुरात आलंय की, सीपीआर दवाखान्यासमोर. चाळीस वर्षं आंदोलन करून ऑगस्ट २०२५ ला मिळालं. हुपरीताई, घाला याचिका, मुंबईचं तिकीट वाचलं.

हुपरीची_चांदी

तिकीट वाचलं तरी वकील लागतोच. तीच तर अडचण होती. :)

शिरोली_भट्टी

इंजिनिअरिंगचं कुणी बोललं नाही अजून. आमच्या शॉपमध्ये एक सुपरवायझर होते, दूरशिक्षणानं बी.टेक. केलेले. नोव्हेंबर २०१७ ला सुप्रीम कोर्टाचा निकाल आला त्या आठवड्यात त्यांचा डबा रोज तसाच परत जायचा.

काळाकोट

ओरिसा लिफ्ट इरिगेशनचा निकाल, ३ नोव्हेंबर २०१७. चार अभिमत विद्यापीठांनी एआयसीटीईला, म्हणजे तंत्रशिक्षणाच्या अखिल भारतीय परिषदेला, न विचारता दूरशिक्षणानं अभियांत्रिकी सुरू केली होती, आणि मागाहून मान्यता मिळवली होती. कोर्ट म्हणालं, अशी मागाहूनची मान्यता चालणार नाही. २००१ ते २००५ दरम्यान प्रवेश घेतलेल्यांच्या पदव्या स्थगित झाल्या, एआयसीटीईची परीक्षा उत्तीर्ण झालात तर जिवंत. त्यानंतरच्या प्रवेशांच्या पदव्या रद्दच. म्हणून सांगतो, "मान्यता येणार आहे, प्रोसेसमध्ये आहे" असं कुणी म्हणालं की उठून चालू लागायचं.

सध्याच्या नियमांत अभियांत्रिकी, वैद्यकीय, नर्सिंग, फार्मसी, वास्तुकला, कायदा, शेती, पीएच.डी. यांतलं काही दूरस्थ पद्धतीनं करताच येत नाही.

जुना_टेबलवाला

ताई, दिरांची पदवी एकदा उलटी करून बघा. उलटी म्हणजे मागची बाजू. यूजीसीच्या २०१७ च्या नियमांपासून विद्यापीठानं मागं छापायचं असतं: शिक्षणाची पद्धत, प्रवेशाची तारीख, पूर्ण झाल्याची तारीख, अभ्यासकेंद्राचा आणि परीक्षाकेंद्राचा पत्ता. आमच्याकडं पडताळणीला कागद आला की मी आधी मागं बघायचो. पुढची बाजू सगळ्यांचीच देखणी असते.

सागरमाळ

(चार दिवसांनी)

मागची बाजू कोरी आहे.

सविस्तर लिहिते. रविवारी दिरांना म्हटलं, तुमची पदवी बघू. खुशीत फ्रेम काढून आणली. फ्रेममधून कागद काढताना मागचा पुठ्ठा निघाला, त्यावर कुठल्याशा कॅलेंडरची गणपतीची अर्धी सोंड. पदवी जाड, सोनेरी किनार, मध्ये वाटीएवढी मोहर. मागं पांढरी स्वच्छ. मग डीईबीच्या यादीत २०२०-२१ चं सत्र काढलं. विद्यापीठाचं नावच नाही. ते म्हणाले, "अगं वहिनी, आहे की, हे बघ," आणि मोबाइलवर यूजीसीची दुसरी यादी दाखवली, खाजगी विद्यापीठांची. तिथं आहे नाव. दोन्ही याद्या शेजारी शेजारी धरून बसलो होतो. पहिल्यांदा त्यांनी माझ्याकडं न बघता विचारलं, "म्हणजे काय गं?"

म्हणजे काय, वकीलसाहेब?

काळाकोट

म्हणजे तुम्ही दोघांनी बरोबर शोधलंत. ते विद्यापीठ अस्तित्वात आहे, त्याच्या आवारात जाऊन शिकलेल्याची पदवी चांगली. पण दूरस्थ पद्धतीनं शिकवायची परवानगी त्या सत्रात नव्हती आणि कोल्हापुरात केंद्र काढायची मुभा तर कधीच नव्हती. "यूजीसी अप्रूव्ह्ड" हे शब्द अर्धे खरे, म्हणून तर खपतात. छत्तीसगडमध्ये एका कायद्याखाली शंभरावर खाजगी विद्यापीठं निघाली होती, काहींची तर खोलीएवढीच जागा. २००५ ला प्रा. यशपाल यांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयानं ती मोडीत काढली. झेरॉक्सवरच्या दोन खोल्या म्हणजे त्यातल्या त्यात प्रशस्तच.

पैशाच्या पावत्या आहेत का? कुणाच्या नावानं? विद्यापीठाच्या की ॲकॅडमीच्या?

सागरमाळ

४२ हजार. पावत्या ॲकॅडमीच्या. ॲकॅडमी आता नाही, तिथं केक शॉप आहे.

काळाकोट

पावत्या जपा. फसवणुकीची तक्रार पोलिसांत देता येईल. प्रकार १ जुलै २०२४ च्या आधीचा, म्हणून जुनं कलम ४२० लागेल, नवी न्यायसंहिता नाही. ग्राहक आयोगात मात्र डोळे मिटून जाऊ नका. विद्यापीठ परीक्षा घेतं ती "सेवा" नव्हे असे सर्वोच्च न्यायालयाचे निकाल आहेत. मधल्या ॲकॅडमीवर वेगळा युक्तिवाद करता येईल, पण तो प्रत्यक्ष कागद बघून. आणि तोवर ती पदवी कुठल्याही अर्जाला जोडू नका म्हणावं. आजवर फसले ते फसले. आता माहीत असून जोडली तर उद्या प्रश्न त्यांना विचारतील.

गारगोटी_एसटी

पोराला घालून पाडून बोलू नका ताई. वय काय त्याचं?

सागरमाळ

सत्तावीस. नाही बोलत. घरात दोन दिवस टीव्हीच फक्त बोलतोय.

खडू_फळा

माझा आधीचा प्रतिसाद पुन्हा वाचला. मी शंका घेत होतो ती काळ्या अंगठ्याच्या पुस्तकावर. सोनेरी किनारीच्या कागदावर घ्यायला हवी होती, आणि तो तर माझ्यापर्यंत कधी तपासायलाच आला नव्हता.

सागरमाळ

(दीड महिन्यानं) धागा वर काढतेय.

काका, तुमचं खरं निघालं. सेवापुस्तकात पदवीची नोंदच नव्हती. २०१६ ला मी प्रत दिली होती, पोच नव्हती घेतली. आता नोंद करून घेतली. सोबत २०१३ चं पत्र, २०२२ ची सूचना आणि "कोणत्या तरतुदीनुसार" हा अर्ज, आवक क्रमांकासह. बारा दिवसांत फाइल परत आली. नवी टिपणी: "सदर पदवी मान्यताप्राप्त विद्यापीठाची असल्याने ग्राह्य धरण्यास हरकत नसावी." "नसावी" म्हणे. "नाही" लिहायला अजून हात धजत नाही. यादीत नाव आहे, एकोणिसावं.

दिरांनी पोलिसांत अर्ज दिलाय, पुढं काही हललेलं नाही. मुक्तच्या बी.कॉम.ला नाव घालणार आहेत. त्यासाठी आता डीईबी आयडी काढावा लागतो, २०२४ पासून सक्तीचा आहे. त्याचा ओटीपी त्यांच्या जुन्या नंबरवर जातोय, आणि तो नंबर ॲकॅडमीवाल्यानंच तेव्हा काढून दिला होता. काल दिवसभर त्यातच गेला.

जुना_टेबलवाला

"नसावी" चालतं. माझी सगळी नोकरी "नसावी"वर झाली. अभिनंदन.

शिरोली_भट्टी

दिरांना खर्च लेखांकनाचं पुस्तक लागलं तर माझं घेऊन जा म्हणावं. अभ्यासक्रम बदलला असेल, पण बघायला बरं. शिरोली नाक्यावर भेटतो.

मिसळ_जास्त_कट

दहा पानं सोडून कोरं ते दुसरं पुस्तक मला द्या. माझ्या रेग्युलर पदवीशी समकक्ष आहे.

कागल_नवा_सदस्य

सर्वांना नमस्कार, आजच सभासद झालो. धागा पूर्ण वाचला नाही. मला दूरशिक्षणानं एम.ए. मानसशास्त्र करायचंय, मान्यता आहे का?

काळाकोट

जुलै-ऑगस्ट २०२५ च्या सत्रापासून मानसशास्त्राला दूरस्थ आणि ऑनलाइन पद्धतीनं नवे प्रवेश बंद केलेत. आधी प्रवेश घेतलेल्यांचा प्रश्न वेगळा. कुणी कागलमध्ये तुम्हाला "होऊन जाईल" म्हणालं असेल तर पैसे भरण्याआधी हा धागा पूर्ण वाचा.

कागल_नवा_सदस्य

पहिला हप्ता कालच भरला ओ.